घराचा हप्ता : मुद्दल किती, व्याज किती?



या पानावर आपण नेहमी लागणीचे, खताचे आणि पाण्याचे बोलतो. या अंकात विषय वेगळा आहे. घरासाठी काढलेल्या कर्जाचा. ऊस विकास अधिकाऱ्याने बँकेच्या कर्जावर कशाला लिहावे, असे कोणी म्हणेल. पण अलीकडे गट ऑफिसात येणारे सभासद बेण्याइतकेच बँकेच्या कागदांबद्दल विचारू लागले आहेत. आपली मुले नोकरीसाठी पुणे, चाकण, ठाणे, बोईसर अशी पांगली. तिकडे त्यांनी घरे घेतली. कर्ज मुलाच्या नावावर आणि सहकर्जदार म्हणून सही वडिलांची. ती सही कागद वाचून केली, असे सांगणारा मला अजून क्वचितच भेटला आहे. मी स्वतःही वाचून केली नव्हती. ते पुढे सांगतो.

२०२४ च्या मार्चमध्ये, हंगाम संपत आला असताना, आपले एक जुने सभासद पिशवीत कागद घालून ऑफिसात आले. त्यांचे नाव लिहीत नाही, आबा म्हणू. त्यांचा मुलगा तारापूरच्या औद्योगिक वसाहतीत नोकरीला आहे. बोईसरला जागा महाग, म्हणून त्याने पुढच्याच स्टेशनावर, डहाणू तालुक्यातल्या वाणगावला दोन खोल्यांचा फ्लॅट घेतला. आबा खुर्चीवर टेकले आणि म्हणाले,

“साहेब, पोरानं तीन वर्षं एक हप्ता चुकवला नाही. पण मुद्दल काही हलंना. मी म्हणतो, ओढ्याकडचे वीस गुंठे काढून टाकावेत आणि बँकेचं तोंड एकदाचं बंद करावं. तुम्ही फक्त सातबाऱ्याचं कसं करायचं तेवढं सांगा.”

मी म्हणालो, “आबा, सातबारा राहू द्या. आधी बँकेचा खातेउतारा दाखवा.”

उतारा इंग्रजीत होता. आम्ही दोघांनी तो ओळीओळीने वाचला आणि कागदावर हिशोब मांडला. तोच हिशोब आज इथे देतो. आकडे थोडे सोपे केले आहेत, पण रीत तीच आहे.

हप्त्याच्या पोटात काय असते

कर्ज काढले फेब्रुवारी २०२१ मध्ये. रक्कम २० लाख रुपये, मुदत २० वर्षे म्हणजे २४० हप्ते, व्याज दर साल ७ टक्के. महिन्याचा हप्ता बसला १५,५०६ रुपये.

आता पहिल्या हप्त्याचे काय झाले पाहा. २० लाखांवर ७ टक्क्यांनी एका महिन्याचे व्याज होते ११,६६७ रुपये. ते आधी कापून घेतले जाते. राहिले ३,८३९ रुपये, तेवढेच मुद्दलातून वजा झाले. दुसऱ्या महिन्यात मुद्दल थोडे कमी, म्हणून व्याज थोडे कमी आणि मुद्दलाची फेड थोडी जास्त. असे होत होत शेवटच्या वर्षांत हप्ता जवळजवळ सगळा मुद्दलात जातो.

हे आपल्याला नवीन नाही. लागणीनंतर पहिले तीन-चार महिने पाणी, खत, खुरपणी, सगळा खर्चच असतो, कांडी दिसत नाही. वजन पुढे भरते. घराच्या कर्जाचेही तसेच आहे. फरक एवढाच की उसाला उशिरा भरते ते वजन आपले असते आणि इथे सुरुवातीला जाते ते व्याज बँकेचे असते.

बँक यात काही लबाडी करीत नाही. जेवढे मुद्दल शिल्लक तेवढ्यावरच व्याज, हा चोख हिशोब आहे. पण “हप्ता परवडतो का” एवढाच प्रश्न विचारून आपण उठतो. “शेवटपर्यंत एकूण किती द्यायचे” हा प्रश्न विचारायचा राहून जातो.

मुदत वाढली की काय वाढते

हा दुसरा प्रश्न विचारून पाहू. १ लाख रुपये कर्ज, व्याज ९ टक्के धरा. रुपयात आकडे असे येतात :

१० वर्षे : हप्ता १,२६७. एकूण भरणा १,५२,०४०.
१५ वर्षे : हप्ता १,०१४. एकूण भरणा १,८२,५२०.
२० वर्षे : हप्ता ९००. एकूण भरणा २,१६,०००.
३० वर्षे : हप्ता ८०५. एकूण भरणा २,८९,८००.

२० वर्षांची मुदत ३० केली तर हप्ता कमी होतो फक्त ९५ रुपयांनी. पण भरणा वाढतो ७३,८०० रुपयांनी, आणि तोही दर लाखामागे. २० लाखांचे कर्ज असेल तर याला वीसने गुणा. उलट २० ची मुदत १५ केली तर हप्ता ११४ रुपयांनी वाढतो, पण लाखामागे ३३,४८० रुपये वाचतात.

आपल्याकडे दामदुपट हा शब्द आजही बोलण्यात आहे. एका वेळी वसूल करायचे व्याज मुद्दलाहून जास्त असू नये, असा तो जुना नियम. १८७५ साली पुणे जिल्ह्यात सुप्याला शेतकऱ्यांनी सावकारांचे कर्जरोखे काढून जाळले. त्यानंतर १८७९ मध्ये सरकारला दख्खनच्या शेतकऱ्यांसाठी खास कायदा करावा लागला. व्याज मुद्दलाच्या वर गेले की तो अन्याय, हे आपल्या मनात पिढ्यानपिढ्या बसले आहे. पण वरचा तक्ता पुन्हा पाहा. ९ टक्क्यांनी २० वर्षे हप्ते भरले तर व्याज मुद्दलाच्या वर जाते, तीस वर्षांत तर दुपटीच्या जवळ पोचते. दामदुपटीचा नियम थकलेल्या व्याजासाठी होता, महिन्याच्या महिन्याला भरलेल्या व्याजाची बेरीज तो करीत नाही. त्यामुळे बँकेच्या हप्त्यात दामदुपट कधी ओलांडली ते आपल्याला कळतही नाही. ती बेरीज आपली आपणच करायची.

दर बदलला तेव्हा काय झाले

आता मुलाच्या कर्जाकडे परत येऊ. त्याचा दर बदलता होता. ऑक्टोबर २०१९ पासून बँकांनी बदलत्या दराची नवी गृहकर्जे बाहेरच्या एखाद्या दराला जोडायची, असा रिझर्व्ह बँकेचा नियम आहे. बहुतेक ठिकाणी तो दर म्हणजे रेपो दर. रिझर्व्ह बँक ज्या दराने बँकांना थोड्या मुदतीचा पैसा देते तो हा दर. तो वाढला की घराच्या कर्जाचा दर वाढतो, उतरला की उतरतो.

मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या काळात रेपो दर ४ टक्क्यांवरून ६.५ टक्क्यांवर गेला. अडीच टक्क्यांची वाढ. मुलाचा दर ७ चा साडेनऊ झाला. वाढ टप्प्याटप्प्याने झाली, पण समजायला सोपे म्हणून २४ हप्त्यांनंतर ती एकदम झाली असे धरू.

तेव्हा मुद्दल शिल्लक होते १९,०१,४०० रुपये. साडेनऊ टक्क्यांनी महिन्याचे व्याज झाले १५,०५३ रुपये. हप्ता होता १५,५०६. म्हणजे मुद्दलात जाणार फक्त ४५३ रुपये! या हप्त्याने कर्ज फिटायला आणखी ४४८ महिने लागले असते, म्हणजे सदतीस वर्षे. तितके तर बँकही थांबत नाही. मग बँकेने काय केले? मुलाच्या वयाला साठ वर्षे होईपर्यंत मुदत ताणली, उरलेले हप्ते २१६ चे ३४८ केले आणि हप्ता थोडा वाढवून १६,०८७ ठेवला. मोबाईलवर इंग्रजीत दोन ओळींचा निरोप आला. मुलाने पाहिले, हप्ता ५८१ रुपयांनीच वाढला आहे. त्याला बरेच वाटले.

२० वर्षांचे कर्ज ३१ वर्षांचे झाले होते.

मुदत तीच ठेवायची असती तर हप्ता १८,४०४ रुपये बसला असता. म्हणजे बँकेने ठरवलेल्या हप्त्यापेक्षा महिन्याला २,३१७ रुपये जास्त. पण साडेनऊचा दर कायम राहिला असे धरून दोन्हींची बेरीज केली, तर लांबवलेल्या मुदतीत एकूण भरणा होतो सुमारे ५९ लाख ७० हजार, आणि मूळ मुदतीत सुमारे ४३ लाख ४७ हजार. फरक सव्वासोळा लाखांचा.

आबांचे “मुद्दल हलंना” याचे उत्तर इथे होते. ३६ हप्त्यांत मुलाने ५ लाख ६५ हजार भरले होते. त्यातले मुद्दलात गेले १ लाख ११ हजार. आबा उताऱ्याकडे बराच वेळ बघत बसले. मग म्हणाले, “म्हणजे आपलं पोर पाणी पाजत होतं, पण दंड फुटलेला.”

वीस गुंठे की एक लाख

आता जमिनीचा प्रश्न. एकरी चाळीस टन धरला तर वीस गुंठ्यांत वीस टन ऊस निघतो. ती जमीन गेली की आबांच्या हयातीत परत येणार नाही, हे सांगायला अधिकारी लागत नाही. घराचा हप्ता मुलाच्या पगारातून जात होता, थकबाकी नव्हती. मग आजार जमिनीचा नव्हता, मुदतीचा होता. औषधही तिथेच करायला हवे होते.

मी विचारले, “आबा, खोडव्याचं बिल आलं, त्यातून सोसायटी आणि पुढच्या लागणीचा खर्च काढून काय उरतं?”

“लाखभर उरंल. पण वीस लाखाच्या कर्जाला लाखानं काय होतंय?”

हाच प्रश्न अनेकांच्या मनात असतो, म्हणून नीट सांगतो. त्या वेळी मुद्दल होते १८,८८,४०० रुपये आणि हप्ते उरले होते ३३६. त्यात १ लाख जादा भरले आणि हप्ता तोच १६,०८७ ठेवला, तर हप्ते उरतात २६९. एका लाखाने ६७ हप्ते गेले. साडेपाच वर्षांहून जास्त. त्या हप्त्यांची रक्कम १० लाख ७७ हजार. भरलेला लाख वजा केला तरी पावणेदहा लाख वाचतात.

तोच लाख, त्याच कर्जात, शेवटची दहा वर्षे उरली असताना भरला तर? तेव्हा फक्त पंधरा हप्ते कमी होतात. बांधणीच्या वेळी टाकलेले पोते आणि तोडणीच्या तोंडावर टाकलेले पोते यांत जो फरक, तोच हा. पोते एकच, वेळ वेगळी.

एक गोष्ट मात्र लक्षात ठेवा. जादा रक्कम भरताना बँकेला लेखी सांगावे लागते की, “हप्ता कमी करू नका, मुदत कमी करा.” हप्ता कमी करून घेतला तर महिन्याला चार पैसे हातात राहतात, पण एवढी बचत होत नाही.

संध्याकाळी मुलाशी फोनवर बोलणे झाले. आबांनी लाख द्यायचे आणि मुलाने हप्ता १८,००० करून घ्यायचा, असे बापलेकांचे ठरले. नव्या हिशोबाने उरले १९६ हप्ते. आधीचे ३६ धरले तर एकूण २३२. म्हणजे ३१ वर्षांवर गेलेले कर्ज मूळच्या २० वर्षांच्याही आत आले. वीस गुंठे जागेवर राहिले.

सगळ्यांनीच धावत जाऊन भरू नये

एवढे वाचून कोणी उद्याच घरातले सगळे पैसे बँकेत नेऊन ओतील, म्हणून दुसरी बाजूही सांगतो.

कर्ज म्हणजे पाप नव्हे. वीस वर्षांनंतरचा रुपया आजच्या रुपयाएवढा नसतो आणि मुलाचा पगारही वाढत जातो. भाडे भरण्यापेक्षा हप्ता भरून घर आपले होते, हे खरेच आहे. म्हणून जादा भरणा सवडीच्या पैशातून करावा. पीक कर्ज थकवून घराचे कर्ज फेडू नये. वेळेत फेडलेल्या पीक कर्जाला व्याजाची सवलत मिळते, ती घालवण्यात शहाणपण नाही. सोने गहाण ठेवून किंवा हातउसने घेऊन तर मुळीच भरू नये. घरात दुखणे-खुपणे आले तर किमान सहा हप्ते भरता येतील एवढी रक्कम आधी बाजूला ठेवावी. आपल्याला ऊस बिल वर्षातून दोन-तीनदा मिळते, बँक मात्र महिन्याला मागते. कारखान्याचा हप्ता घेण्याचा आणि बँकेचा हप्ता देण्याचा, या दोन्हींचा मेळ आधी घालावा.

प्राप्तिकराचेही एक सांगतो. जुनी पद्धत निवडणाऱ्या पगारदाराला राहत्या घराच्या कर्जावरील व्याजाची वर्षाला २ लाखांपर्यंत वजावट मिळते, नव्या पद्धतीत ती मिळत नाही. “करासाठी कर्ज राहू दे” असे म्हणणाऱ्याने आधी आपण कोणत्या पद्धतीत आहोत ते पाहावे. वजावट मिळाली तरी कर थोडा वाचतो, व्याज सगळे परत मिळत नाही.

बँकेत जाऊन काय विचारावे

नियम आपल्या बाजूचे बरेच आहेत. ते माहीत असले म्हणजे बँकेत अदबीने पण ठामपणे बोलता येते.

१. बदलत्या दराचे वैयक्तिक गृहकर्ज मुदतीआधी फेडले तर बँकेने दंड घ्यायचा नाही, असा रिझर्व्ह बँकेचा नियम २०१२ पासून आहे. थोडी रक्कम भरायची की सगळी, हे आपण ठरवावे.

२. १८ ऑगस्ट २०२३ च्या आदेशानुसार दर बदलताना बँकेने कर्जदाराला कळवायचे असते आणि निवड द्यायची असते : हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची, की दोन्ही थोडे थोडे. जुन्या-नव्या सर्व कर्जांना हे ३१ डिसेंबर २०२३ पासून लागू आहे. म्हणून निरोप आला की गप्प बसू नका. आपली निवड लेखी द्या.

३. त्याच आदेशाप्रमाणे दर तीन महिन्यांनी बँकेने उतारा द्यायचा किंवा पाहायला उपलब्ध ठेवायचा. त्यात आजवर किती मुद्दल गेले, किती व्याज गेले आणि किती हप्ते उरले हे असते. “हप्ते किती उरले” हा आकडा सर्वांत आधी बघा.

४. कर्जाबरोबर विमा घेतला असेल तर त्याची रक्कम कर्जात मिळवली आहे का ते विचारा. ६०,००० चा विमा कर्जात घातला, तर ९ टक्क्यांनी २० वर्षांत त्याचे १,२९,६०० भरावे लागतात. विमा असावा, पण जमल्यास पैसे वेगळे भरून घ्यावा.

५. कर्ज फिटल्यावर मूळ कागदपत्रे ३० दिवसांत परत मिळाली पाहिजेत. १ डिसेंबर २०२३ पासून, बँकेच्या चुकीने उशीर झाला तर दिवसाला ५,००० रुपये भरपाई द्यावी लागते. कागद हातात घ्या आणि बोजा उतरल्याची खात्री करून घ्या.

६. “नव्या कर्जदाराला आज तुम्ही कोणत्या दराने देता?” हे जरूर विचारा.

हा सहावा प्रश्न मी माझ्या चुकीतून शिकलो. २०१३ साली मी तालुक्याच्या गावी घर बांधले आणि त्यासाठी कर्ज घेतले. नंतर दर उतरत गेले, पण माझे कर्ज जुन्या पद्धतीच्या दरावरच अडकून राहिले. हप्ता वेळेवर जातो आहे ना, एवढेच मी पाहत होतो. सहा वर्षांनी सहज एका नव्या कर्जदाराचे पत्र पाहिले, तेव्हा कळले की मी त्याच्यापेक्षा दीड टक्का जास्त देत आहे. अर्ज केला, थोडी फी भरली, दर बदलून मिळाला. पण सहा वर्षांचे जादा व्याज गेले ते गेलेच. दुसऱ्याच्या शेतात हुमणी शोधणारा मी, माझ्याच बांधावर बघितले नव्हते.

२०२५ साली रेपो दर पुन्हा उतरला आणि डिसेंबर २०२५ मध्ये ५.२५ टक्क्यांवर आला. दर उतरला की हप्ता कमी करून घेण्याचा मोह होतो. जमत असेल तर तो टाळा. हप्ता तोच ठेवला की मुदत आपोआप घटते.

मध्यंतरी मुंबईच्या कामाला गेलो असताना मुद्दाम वाणगावला उतरलो. चिकूचा आणि मिरचीचा तो मुलूख पाहायचा होताच. आबांच्या मुलाकडे चहा झाला. दर उतरल्यावरही त्याने हप्ता १८,००० वरून खाली आणलेला नाही. कपाटाच्या दाराला आतून त्याने एक कागद चिकटवला आहे. दर तिमाहीला उतारा पाहून उरलेल्या हप्त्यांचा आकडा तो त्यावर लिहितो आणि जुना खोडतो. त्याची धाकटी मुलगी तो आकडा मोठ्याने वाचून दाखवते.

सभासद बंधूंनो, आपल्यापैकी ज्यांनी मुलाच्या कर्जावर सही केली आहे, त्यांनी एवढेच करावे. मुलाला आज फोन करा आणि विचारा, “बाळ, हप्ते किती उरले?” त्याला सांगता आले नाही, तर उतारा मागवून घ्या. दर सोमवारी मी गट ऑफिसात असतो. उतारा घेऊन या, बसून हिशोब करू.

पुढच्या अंकात खोडव्यातील पाचटाचे व्यवस्थापन.

आपला,
ऊस विकास अधिकारी